कॅलिगरी ते मेट्रोपोलिस: निर्माता एरिक पॉमरनं नेमकं केलं काय?

प्रश्न थोडक्यात असा: जर्मन मूकपटांबद्दल वाचताना फ्रिट्झ लांग, मुर्नाऊ, रॉबर्ट वीने ही दिग्दर्शकांची नावं येतात आणि बहुतेकांच्या मागे निर्माता म्हणून एरिक पॉमर हे एकच नाव दिसतं. या माणसानं नुसते पैसे घातले का? आणि लांगच्या 'मेट्रोपोलिस' या महागड्या चित्रपटानं उफा ही जर्मन चित्रपट कंपनी बुडवली म्हणतात, त्यात चूक त्याची की लांगची?

मी समीक्षक नाही. गेली सव्वीस वर्षं प्रॉडक्शनमध्ये आहे. चहा-नाश्त्याची व्हाउचरं लिहिण्यापासून सुरुवात केली, आता कार्यकारी निर्माता म्हणून काम करतो. त्यामुळे कॅमेऱ्याच्या कोनापेक्षा माझी नजर आधी हिशेबाच्या वहीकडे जाते. पॉमर कळायला मात्र ती सवय कामी येते, कारण तो मुळात विक्रेता होता. हे लक्षात घेतलं नाही तर त्याची निम्मी कारकीर्द डोक्यावरून जाते.

'पैसे घातले का' याचं उत्तर आधी देऊन टाकतो. पैसे बहुतेक वेळा दुसऱ्यांचेच होते. सुरुवातीला फ्रेंच कंपनीचे, पुढे बँकेचे. निर्माता म्हणजे पैसेवाला शेठ, ही आपल्याकडची समजूत. प्रत्यक्षात पैसेवाला वेगळा असतो. कोणता चित्रपट, कुणाकडून, केवढ्यात, कुणाला विकायला करायचा हे ठरवणारा वेगळा. पॉमर हा दुसरा माणूस.

जन्म २० जुलै १८८९, हिल्डेसहाइम गावी, ज्यू कुटुंबात. बर्लिनला आल्यावर पुरुषांच्या कपड्यांच्या एका पेढीत उमेदवारी केली. १९०७ साली गोमोंट या फ्रेंच कंपनीच्या बर्लिन शाखेत चिकटला. आता त्या काळचा धंदा कसा होता ते बघा. चित्रपट भाड्यानं देण्याची पद्धत अजून नीट रुळलेली नव्हती, प्रिंट सरळ विकली जायची आणि तीही मीटरवर. म्हणजे कापडाच्या दुकानातून उठून हा पोरगा पुन्हा मीटरवरच माल विकायला लागला! १९१० मध्ये गोमोंटच्या व्हिएन्ना शाखेचा कारभार त्याच्याकडे आला. पुढे लष्करी सेवा उरकून तो एक्लेअर या दुसऱ्या फ्रेंच कंपनीत गेला आणि मध्य युरोपात तिचे चित्रपट विकू लागला. कोणत्या गावात काय चालतं, व्हिएन्नात हसतात त्यावर दुसरीकडे का हसत नाहीत, थिएटरवाला पैसे द्यायला कधी खळखळ करतो, हे सगळं त्याला पंचविशीच्या आत पाठ झालं असणार. वितरकाकडे चार वर्षं काढलेला मुलगा आणि थेट फिल्म स्कूलमधून आलेला मुलगा यांच्यातला फरक मी पहिल्या मीटिंगमध्ये ओळखतो. पहिला विचारतो, 'हे कुठे लागणार?'

१९१४ मध्ये महायुद्ध पेटलं. एक्लेअर शत्रुराष्ट्राची कंपनी, त्यामुळे तिच्या जर्मन मालमत्तेवर सरकारी प्रशासक बसणार हे उघड होतं. त्यातून १९१५ मध्ये डेक्ला ही कंपनी उभी राहिली. डॉइच एक्लेअर, म्हणजे 'जर्मन एक्लेअर', याचं ते लघुरूप. पॉमर स्वतः आघाडीवर होता, जखमी झाला, त्याला आयर्न क्रॉस हे लष्करी पदक मिळालं. मागे बर्लिनमध्ये कंपनी चालवली ती त्याची बायको गेरट्रूड, भाऊ आल्बर्ट आणि एका भागीदारानं. चित्रपटाच्या इतिहासात गेरट्रूडबाईंच्या वाट्याला फार तर एखादी ओळ येते. घरची बाई वही सांभाळते म्हणून उभ्या राहिलेल्या किमान तीन मराठी निर्मितीसंस्था मला ठाऊक आहेत आणि त्यांच्या पोस्टरवर त्या बाईंचं नाव कधी आलेलं नाही. असो.

आता 'द कॅबिनेट ऑफ डॉक्टर कॅलिगरी'. २६ फेब्रुवारी १९२० ला बर्लिनच्या मार्मोरहाउस थिएटरात तो लागला. कार्ल मायर आणि हान्स यानोविट्झ हे दोन लेखक पटकथा घेऊन डेक्लाकडे आले आणि ती विकत घेतली गेली. पॉमरनं नंतर जे सांगितलं ते मला फार आवडतं. लेखकांना त्या पटकथेत प्रयोग दिसत होता, त्याला त्यात स्वस्तात होणारा चित्रपट दिसत होता! हे वाचून कलाप्रेमी लोक नाक मुरडतात. मी तर खुर्चीतून उठून टाळ्या वाजवल्या असत्या. युद्ध हरलेला देश, कोळसा नाही, विजेचं रेशनिंग, आणि हेरमान वार्म, वाल्टर राइमान, वाल्टर र्‍योरिग हे तीन नेपथ्यकार म्हणतात की घरं, रस्ते, झाडं सगळं कापडावर रंगवू, वाकडंतिकडं, तिरकं. सावल्यासुद्धा रंगानंच काढू.

ही सावल्यांची गंमत चित्रपट थांबवून थांबवून बघा. जमिनीवर प्रकाशाचा जो पांढरा झोत पडलेला दिसतो तो बऱ्याच ठिकाणी दिव्याचा नाही, चुन्यासारख्या रंगाचा आहे. भिंतीवरची काळी धार हीसुद्धा ब्रशची. माणूस त्यातून चालत जातो तेव्हा त्याच्यावर उजेड पडतच नाही, कारण तिथे उजेड नाहीच, चित्र आहे. त्यामुळे डोक्यात एक विचित्र खटका बसतो आणि चित्रपटाची भीती तिथेच सुरू होते. विजेचा कोटा संपला म्हणून सावल्या रंगवल्या, अशी एक कथा सांगितली जाते. दुसरे म्हणतात छे, तो शुद्ध कलेचा निर्णय होता. दोन्ही खरं असू शकतं. कोल्हापूरला एका ऐतिहासिक चित्रपटाच्या वेळी आमचा जनरेटर दोन रात्री रुसला होता. कॅमेरामननं मशालींवर शूट केलं. पुढे मुलाखतीत त्यानं 'मला पहिल्यापासून नैसर्गिक ज्योतीचाच प्रकाश हवा होता' असं सांगितलं आणि खरं सांगायचं तर तोपर्यंत त्यालाही तसंच वाटायला लागलं होतं.

हे सगळं श्रेय पॉमरचं का, यावर वाद आहे. त्या सुमारास डेक्लामध्ये रुडोल्फ माइनर्ट यांची कंपनी विलीन झाली होती आणि निर्मितीचं काम माइनर्ट बघत होते, त्यामुळे तीन नेपथ्यकारांना मोकळीक देणारे तेच, असं मानणारे अभ्यासक आहेत. पॉमरनं म्हातारपणी सांगितलेल्या आठवणींत तो स्वतः जरा जास्तच मध्यभागी उभा असतो, हेही खरं. पण एक निर्णय मात्र सरळसरळ धंद्याचा होता. 'कॅलिगरी' आधी फ्रिट्झ लांग करणार होता. तेवढ्यात त्याच्या 'द स्पायडर्स' या साहसपटाचा पहिला भाग चालला आणि थिएटरवाले दुसरा भाग मागायला लागले. लांगला तिकडे वळवलं आणि 'कॅलिगरी' वीनेकडे गेला. थिएटरवाल्यांनी घाई केली नसती तर आज आपण वेगळाच 'कॅलिगरी' बघत असतो.

जाहिरातसुद्धा बघा. चित्रपट लागण्याआधी बर्लिनभर पोस्टर लागली: 'तुला कॅलिगरी व्हायलाच हवं!' ना नटाचं नाव, ना कथेचा पत्ता. मूळ चित्रपटातच हे वाक्य पडद्यावर हवेत तरंगत वेड्या डॉक्टरचा पाठलाग करतं. आजचे मार्केटिंगवाले टीझर कॅम्पेनसाठी लाखो रुपये मागतात तेव्हा मला हे पोस्टर आठवतं.

पॉमरचं खरं डोकं यापुढे दिसतं. त्याची मांडणी साधी होती. अमेरिकेकडे पैसा आहे, मोठे स्टार आहेत. त्यांच्यासारखेच चित्रपट काढले तर आपण त्यांची गरीब नक्कल ठरू. वर युद्धामुळे जर्मन मालावर जगभर राग, बहिष्कार. मग परदेशातल्या वितरकानं आपला चित्रपट का घ्यावा? त्याच्याकडे नसलेलं काही दिलं तरच. ते म्हणजे 'कला'. शैलीदार, चमत्कारिक, गूढ, जर्मन दंतकथांतलं. म्हणजे जर्मन एक्स्प्रेशनिझम, ही वाकडीतिकडी, मनातली भीती बाहेर काढणारी शैली, हा चित्रकारांसाठी आत्म्याचा हुंकार असेल, पॉमरसाठी तो निर्यातीचा ब्रँड होता. आणि तो चालला. एप्रिल १९२१ मध्ये 'कॅलिगरी' न्यूयॉर्कच्या कॅपिटल थिएटरात लागला. फ्रान्समध्ये तर या शैलीला 'कॅलिगरीझम' असं नावच पडलं.

या गणितात एक छुपा भागीदार होता: महागाई. १९१४ साली एका डॉलरला ४.२ मार्क मिळायचे. युद्धानंतर मार्क घसरत गेला आणि १९२३ च्या नोव्हेंबरात एका डॉलरला ४.२ लाख कोटी मार्क इथपर्यंत गेला. देशात लोकांची वाताहत झाली, पण निर्यातदाराचं उखळ पांढरं झालं. खर्च रद्दी झालेल्या मार्कांत, कमाई स्विस फ्रँक किंवा डॉलरांत. छोट्याशा देशातल्या विक्रीतूनही मोठा खर्च निघून जायचा. शिवाय रोख जवळ ठेवण्यापेक्षा सेट बांधलेला बरा, कारण नोटा उद्या कवडीमोल होणार, सेट तरी चित्रपटात दिसेल. प्रचंड सेट आणि महिनोन् महिने चालणारी शूटिंग ही सवय या काळात लागली. ही सवय लक्षात ठेवा, पुढे तीच अंगाशी येते.

१९२० मध्ये डेक्ला आणि बायोस्कोप ही दुसरी जर्मन कंपनी एकत्र आल्या आणि बर्लिनजवळचा नॉयबाबेल्सबर्गचा स्टुडिओ हाती आला. १९२१ मध्ये उफानं ही कंपनी गिळली. उफा म्हणजे युद्धकाळात, १९१७ साली, लष्कराच्या पुढाकारानं आणि डॉइच बँकेच्या पाठबळावर उभी राहिलेली अवाढव्य कंपनी. गिळली खरी, पण निर्मितीची सूत्रं १९२३ पासून पॉमरच्याच हातात आली. पुढच्या तीन वर्षांत त्याच्या देखरेखीखाली जे निघालं त्याची यादीच पुरेशी आहे: लांगचा 'निबेलुंगेन', मुर्नाऊचे 'डेर लेट्झ्टे मान', 'टार्ट्यूफ' आणि 'फाउस्ट', ड्रायरचा 'मिखाएल', दुपाँचा 'व्हरायटी'. इतकी नावं एका माणसाच्या टेबलावरून गेली, यात योगायोग किती धरायचा?

तो करायचा काय, तर माणसं जमवायचा आणि ती फुटू द्यायचा नाही. दिग्दर्शक, लेखक, कॅमेरामन, नेपथ्यकार यांना शूटिंगच्या कितीतरी आधी एका टेबलाभोवती बसवायचं. एक चित्रपट झाला की तेच लोक पुन्हा. कार्ल मायर लेखक, कार्ल फ्रॉइंड कॅमेरा, हेर्ल्ट आणि र्‍योरिग सेटवर. त्याच काळात हॉलिवूडमध्ये उलटी पद्धत घट्ट होत होती: निर्माता सगळं ठरवणार, दिग्दर्शक फक्त फ्लोअर सांभाळणार. पॉमरनं दिग्दर्शकाला राजा केलं, पण दरबार स्वतः निवडला.

'डेर लेट्झ्टे मान', म्हणजे 'शेवटचा माणूस', हा १९२४ चा चित्रपट मी नवीन सहाय्यकांना मुद्दाम दाखवतो. गोष्ट एवढीशी: आलिशान हॉटेलचा दरवान, सोनेरी बटणांचा कोट, चाळीत रुबाब. म्हातारा झाला म्हणून त्याला तळघरातल्या संडासात टॉवेल द्यायला बसवतात. कोट गेला, माणूस गेला. यात संवादपाट्या जवळजवळ नाहीतच, आणि मूकपटात हे केवढं धाडस होतं विचार करा. काम सुरू होण्यापूर्वी पॉमरनं या मंडळींना सांगितलं होतं की काहीतरी नवीन शोधून काढा, वेडगळ असलं तरी चालेल. त्यावर फ्रॉइंडनं कॅमेरा छातीला बांधला. पहिल्याच शॉटला आपण लिफ्टमधून खाली उतरतो, जाळीतून हॉटेलची लॉबी वर सरकत जाते, आणि तसेच लॉबी ओलांडून थेट फिरत्या दारापर्यंत जातो. दाराच्या काचेपलीकडे पाऊस आणि छत्री घेऊन दरवान. १९२४ मध्ये कॅमेरा म्हणजे तिपाईवर ठोकलेली पेटी, हे डोक्यात ठेवून हा शॉट बघा.

'वेडगळ असलं तरी चालेल' हे वाक्य म्हणायला सोपं वाटतं. मी माझ्या कारकिर्दीत ते मोजून दोनदा म्हटलंय आणि दोन्ही वेळा रात्री झोप लागली नाही.

आता 'मेट्रोपोलिस'. १९२४ च्या शरदात पॉमर आणि लांग बोटीनं अमेरिकेला गेले. बोटीवरून न्यूयॉर्कचे दिवे पाहिले आणि चित्रपट सुचला, असं लांग आयुष्यभर सांगत राहिला. पण त्याच्या बायकोचं, थेआ फॉन हार्बूचं पटकथेचं काम त्याआधीच चालू होतं. दिग्दर्शकांच्या अशा गोष्टींवर मी मान डोलावतो आणि वही उघडतो.

वही काय सांगते? शूटिंग २२ मे १९२५ ला सुरू झालं आणि ३० ऑक्टोबर १९२६ ला संपलं. ३१० दिवस आणि ६० रात्री. मूळ अंदाज सुमारे १५ लाख राइशमार्कांचा, खर्च झाला साधारण ५३ लाख. शूटिंग सुरू झाल्यावर हिरोच बदलला, म्हणजे आधीचं काम फुकट. नव्या हिरोनं, गुस्ताव फ्र्योलिशनं, नायिकेच्या पायाशी कोसळायचं एवढा साधा शॉट, तो घ्यायला दोन दिवस लागले. शेकडो गरीब मुलांना गार पाण्यात उभं करून पुराचा प्रसंग कितीतरी दिवस चालला. त्यातला क्रूरपणा बाजूला ठेवता येत नाही, पण प्रॉडक्शनच्या माणसाला त्याबरोबर आणखी एक गोष्ट टोचते: एवढ्या मुलांचं खाणं, कपडे, ने-आण, रोज!

सगळंच उधळपट्टीचं होतं असं मात्र नाही. ऑयगेन शुफ्टानचा आरसा घ्या. कॅमेऱ्यापुढे पंचेचाळीस अंशांत आरसा ठेवायचा. बाजूला ठेवलेल्या छोट्या मॉडेलची इमारत त्यात दिसते. मग आरशाचा थोडा पारा खरवडून काढायचा आणि तिथल्या स्वच्छ काचेतून पलीकडे लांब उभे असलेले खरे नट दिसू द्यायचे. एकाच फ्रेममध्ये टेबलावर मावेल एवढी गगनचुंबी इमारत आणि तिच्या पायथ्याशी जिवंत माणसं. लाखो मार्कांचा सेट वाचवणारी ही युक्ती.

मग चूक कुणाची? तारखा लावून बघा म्हणजे 'मेट्रोपोलिसनं उफा बुडवली' हे वाक्य कसं डळमळतं ते कळेल. १९२३ च्या अखेरीस नवं चलन आलं, मार्क स्थिरावला, आणि निर्यातीचा सगळा फायदा रातोरात गेला. आता खर्च खऱ्या पैशांत, विक्रीही खऱ्या पैशांत, आणि वर अमेरिकन चित्रपटांचा लोंढा. उफा १९२५ मध्येच कर्जात रुतली होती. त्या वर्षाच्या डिसेंबरात तिनं पॅरामाउंट आणि एमजीएम या अमेरिकन कंपन्यांशी 'पारुफामेट' करार केला: ४० लाख डॉलर कर्ज, बदल्यात उफाच्या थिएटरांतल्या वेळेचा मोठा वाटा अमेरिकन चित्रपटांना. उफाचे चित्रपट तिकडे लागणार, पण अमेरिकन प्रेक्षकाला ते रुचतील असं त्या कंपन्यांना वाटलं तरच. आपल्याकडचा लहान निर्माता मल्टिप्लेक्सशी असाच करार करतो, त्याला वेगळं समजावायला नको. 'मेट्रोपोलिस'चा पहिला खेळ झाला १० जानेवारी १९२७ ला, म्हणजे या करारानंतर वर्ष उलटून गेल्यावर. रोगी आधीच अतिदक्षता विभागात होता.

आणि दुसरी तारीख, जी फारसं कुणी सांगत नाही: पॉमर उफातून जानेवारी १९२६ मध्येच बाहेर पडला. त्यानंतर आणखी नऊ महिने 'मेट्रोपोलिस'चं शूटिंग चालू होतं. ते थांबवणं त्याच्या हातात नव्हतं.

तरीही मी त्याला निर्दोष सोडणार नाही. ओव्हररनचा, म्हणजे ठरलेले दिवस आणि पैसे ओलांडण्याचा, पहिला दिवस दिग्दर्शकाचा असतो, दहावा निर्मात्याचा. मे ते जानेवारी हे आठ महिने त्याच्याच काळातले. बरं, त्याच सुमाराला 'फाउस्ट'ही चालू होता, तोही महागडा. दोन हत्ती एकाच वेळी दाराशी बांधायचे नसतात. माझं मत असं की पॉमर महागाईच्या दिवसांतल्या वहीनं नव्या चलनातला हिशेब करत राहिला. बाजाराची नाडी ओळखणाऱ्या माणसाकडून हे व्हावं याचं आश्चर्य वाटतं. पण लागोपाठ पाच चित्रपट गाजले की वही जरा उशिरा उघडली जाते, हे मी जवळून बघितलंय. एका निर्मात्याकडे मी काम करत होतो, त्याचा सलग तिसरा चित्रपट हिट झाल्यावर साप्ताहिक खर्चाच्या कागदावर तो न वाचताच सही करायचा. मीही आग्रह धरला नाही. चौथ्याला त्याचं घर गहाण पडलं.

१९२७ मध्ये उफा आल्फ्रेड हुगेनबर्ग या राष्ट्रवादी वृत्तपत्रसम्राटानं विकत घेतली. पॉमर तोपर्यंत हॉलिवूडमध्ये होता. तिथे पॅरामाउंटसाठी पोला नेग्री या नटीला घेऊन 'हॉटेल इम्पीरियल' आणि 'बार्ब्ड वायर' हे दोन मूकपट केले. तिथल्या कारभाराशी सूर जुळला नाही, पण माणूस शिकला. कागदावर आधी पक्की पटकथा, प्रत्येक दिवसाचं शेड्यूल, खर्चाचा रोजचा ताळा. १९२७ च्या शेवटी उफानं त्याला परत बोलावलं आणि यावेळी तो आला तो स्वतःचं छोटं युनिट घेऊन. हा दुसरा पॉमर मला पहिल्यापेक्षा जास्त आवडतो. योए मायकडून करून घेतलेला 'अस्फाल्ट' (१९२९) बघा: दुकानं, दिवे, गाड्या, गर्दी यांच्यासकट बर्लिनचा अख्खा रस्ता स्टुडिओच्या छपराखाली बांधला. सेट प्रचंडच, पण आता त्यावर चालणारी गोष्ट साधी, शहरी, दोन माणसांची. एका चोरटीच्या नादी लागलेला वाहतूक पोलीस. बाहेर खऱ्या रस्त्यावर गेलं तर पाऊस आणि बघ्यांची गर्दी. आत दिवा लावला की रात्र, बंद केला की पॅकअप. आपण फिल्मसिटीत गल्ली उभी करतो ती याच हिशेबानं.

बोलपटाकडे तो अडखळत गेला नाही. १९३० चा 'द ब्लू एंजल' त्यानंच केला, जर्मन आणि इंग्रजी अशा दोन आवृत्त्यांत. मूकपट सगळ्या जगात चालायचा, बोलपट भाषेत अडकतो. मग तोच सेट, तेच कपडे, नट बदलून किंवा तेच नट वेगळ्या भाषेत बोलवून दोन-तीन आवृत्त्या काढायच्या. प्रभातनंही मराठी आणि हिंदी आवृत्त्या अशाच बरोबर काढल्या, तेव्हा ही पद्धत आपल्याला परकी नाही.

आपल्याकडचे धागे निघालेच आहेत तर सांगतो. हिमांशू राय यांचा 'प्रपंच पाश' (१९२९) उफाच्या भागीदारीतून झाला, आणि देविका राणी उफाच्या बर्लिन स्टुडिओत शिकल्या तेव्हा पॉमर तिथला सगळ्यात मोठा निर्माता होता. पुढे मालाडला बॉम्बे टॉकीज उभी राहिली तेव्हा दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन आणि कॅमेरामन योसेफ विर्शिंग हे जर्मनीहूनच आले. व्ही. शांताराम १९३३ मध्ये 'सैरंध्री'च्या रंगीत प्रिंटसाठी जर्मनीत गेले, आणि परत आल्यावरच्या 'अमृतमंथन'मध्ये पुजाऱ्याचा तो पडदाभर डोळा. पॉमरशी त्यांचा संबंध जोडायचा माझा हेतू नाही, पण त्या डोळ्यावरचा उजेड कोणत्या गावच्या दिव्यांखाली शिकलेला आहे ते कळतं.

१९३३ ची गोष्ट थोडक्यात. २९ मार्चला उफाच्या संचालक मंडळानं ज्यू कर्मचाऱ्यांना काढून टाकायचं ठरवलं. नाझी सत्तेवर येऊन दोन महिनेच झाले होते. ज्याच्या चित्रपटांवर ही कंपनी जगभर ओळखली जात होती त्याचा करारही त्या बैठकीत गेला. मग पॅरिस, तिथे लांगबरोबर 'लिलिओम'. मग लंडन, तिथे चार्ल्स लॉटन या नटाबरोबर कंपनी काढून हिचकॉकचा 'जमैका इन'. मग पुन्हा हॉलिवूड. १९४१ मध्ये हृदयविकाराचा झटका आला, काम सुटलं, आणि नवरा-बायकोंनी काही काळ चिनी मातीच्या भांड्यांच्या कामावर दिवस काढले. १९४६ मध्ये अमेरिकन लष्करी प्रशासनाचा चित्रपट अधिकारी म्हणून तो जर्मनीत परतला. पुन्हा निर्माताही झाला, पण त्या चित्रपटांबद्दल मला फार काही सांगावंसं वाटत नाही. ८ मे १९६६ ला लॉस एंजेलिसमध्ये वारला.

आधी काय बघायचं असं विचाराल तर 'मेट्रोपोलिस' नको. 'डेर लेट्झ्टे मान' बघा, आणि शेवटाला नीट लक्ष द्या. दरवान संडासात खुर्चीवर एकटा बसलाय, रखवालदारानं त्याच्या खांद्यावर कोट टाकलाय. चित्रपट खरं तर तिथेच संपतो. मग पडद्यावर पाटी येते, अख्ख्या चित्रपटातली एवढी एकच. ती म्हणते की प्रत्यक्षात याच्या वाट्याला मरणच आलं असतं, पण लेखकाला दया आली. पुढची काही मिनिटं म्हातारा अचानक करोडपती, त्याच हॉटेलात बसून केकवर ताव मारतोय. समीक्षकांनी या शेवटावर खूप कागद खर्ची घातलेत. मला त्या पाटीत एक मीटिंग दिसते. एकीकडे कार्ल मायर हटून बसलाय, दुसरीकडे थिएटरवाल्यांना आनंदी शेवट हवाय, आणि मधल्या खुर्चीतला माणूस म्हणतोय, दोन्ही ठेवू, फक्त मधे एक पाटी टाका.